वेळणेश्वरचा ‘ळ’ कुठे हरवतो?

गुहागर तालुक्यातले वेळणेश्वर रोमन लिपीत गेले की ‘ळ’चा ‘एल’ होतो, ‘ण’चा ‘एन’. सॉफ्टवेअरने ते पुन्हा देवनागरीत आणले, तर ‘वेलनेश्वर’ उमटू शकते. याच तालुक्यातल्या वेलदूरमध्ये ‘ल’ मुळातलाच. रोमन अक्षरांवरून हा फरक कळणार कसा?

गावाचे नाव बदलायची वाट ठरलेली आहे. राज्याच्या प्रस्तावावर केंद्रीय गृह मंत्रालय १९५३च्या मार्गदर्शक सूचनांनुसार भारतीय सर्वेक्षण विभाग, रेल्वे आणि टपाल खात्याचे मत घेते. त्या नावाचे दुसरे गाव नाही ना, हे तपासले जाते. १७६७मध्ये स्थापन झालेला सर्वेक्षण विभाग देशाचे अधिकृत नकाशे काढतो, म्हणून त्याचा शब्द महत्त्वाचा.

नामांतरावर रान उठते, स्पेलिंगकडे कोणी बघत नाही. भारतीय लिप्यांच्या रोमनीकरणाची पद्धत संयुक्त राष्ट्रांनी १९७२मध्ये मान्य केली, १९७७मध्ये सुधारली. तीत ‘ळ’ आणि ‘ण’साठी खास खुणा आहेत. रोजच्या पाट्या आणि ऑनलाइन अर्ज मात्र साध्या २६ अक्षरांवरच चालतात.

२०११च्या जनगणनेत गावांना सहा अंकी कोड मिळाले. सरकारी संगणकांचे त्यावर भागते. किनाऱ्याची वाट शोधणारा पर्यटक फोनमध्ये नावच टाइप करतो.