विश्लेषण : गेमच्या स्क्रीनवर मधोमध ‘ठिपका’ लावणे ही मदत की फसवणूक?

बीजीएमआय, फ्री फायर मॅक्स, कॉल ऑफ ड्यूटी मोबाइल यांसारख्या बंदूकबाजीच्या गेममध्ये नेम चुकला की डाव संपतो. म्हणून अनेक खेळाडू स्क्रीनच्या बरोबर मधोमध एक कायमचा ठिपका आणतात. कुणी त्यासाठी ॲप टाकतो, कुणी मॉनिटरची सेटिंग वापरतो, तर कुणी काचेवर चक्क टिकली चिकटवतो. हा ठिपका किती कामाचा, त्यापायी फोनमधले बँक खाते धोक्यात येते का आणि हा खेळ की लबाडी, या प्रश्नांची ही उत्तरे. त्यातल्या शेवटच्या प्रश्नावर पाण्याचा ताळेबंद मांडणाऱ्या हिवरे बाजारकडून शिकण्यासारखे बरेच आहे.

हा ठिपका म्हणजे नेमके काय?

गेममध्ये बंदूक रोखली की समोर अधिकचे चिन्ह, वर्तुळ किंवा बिंदू दिसतो. त्याला क्रॉसहेअर म्हणतात. तो गेमच दाखवतो आणि गेमच लपवतो. पळताना तो पसरतो, उडी मारली की मोठा होतो, काही बंदुकांना तो दिसतच नाही. काउंटर-स्ट्राइकमधली एडब्ल्यूपी ही स्नायपर बंदूक दुर्बीण न लावता हातात धरली, तर स्क्रीनवर क्रॉसहेअर नसतो. ही गेम बनवणाऱ्यांची चूक नव्हे, त्यांनी ठरवून ठेवलेली अडचण आहे. एका गोळीत गारद करणारी बंदूक जवळून, अंदाजाने चालवणे अवघड राहावे, हा त्यामागचा हेतू. बाहेरून लावलेला ठिपका नेमकी हीच अडचण दूर करतो.

तो काम का करतो?

थ्री-डी गेममध्ये आपण जे पाहतो ते एका काल्पनिक कॅमेऱ्याचे चित्र असते. कॅमेऱ्याच्या नजरेची सरळ रेषा चित्राच्या मध्यबिंदूतून जाते आणि नेमही त्याच रेषेवर धरलेला असतो. त्यामुळे क्रॉसहेअर दिसो वा न दिसो, नेम असतो तो चित्राच्या मधोमध. ठिपका गेममध्ये कोणताही बदल करत नाही. जे आधीच तिथे आहे, ते फक्त डोळ्यांना दिसते करतो. शत्रूवर आपोआप नेम धरणाऱ्या ‘एमबॉट’मध्ये आणि यात हाच मूलभूत फरक आहे.

मग ठिपका लावला की नेम पक्का?

नाही. बहुतेक खेळाडूंचा गैरसमज इथेच होतो. पळताना किंवा कमरेवरून गोळी झाडताना गेम प्रत्येक गोळीला थोडी वाट चुकवतो. क्रॉसहेअर पसरतो तो हेच सांगण्यासाठी. ठिपका मात्र जागचा हलत नाही, त्यामुळे नेम अचूक असल्याचा खोटा भरवसा मिळतो. बंदुकीचा झटका म्हणजे रिकॉइलही ठिपक्याने कमी होत नाही. बीजीएमआयमध्ये लांबच्या अंतरावर गोळी खाली झुकते आणि पोहोचायला वेळ घेते, म्हणून तिथे नेम मध्यबिंदूच्या वर आणि पळणाऱ्याच्या पुढे धरावा लागतो. शिवाय या गेममध्ये कॅमेरा खेळाडूच्या पाठीमागे असतो. ठिपका शत्रूवर दिसत असला, तरी बंदुकीच्या नळीसमोर भिंतीचा कोपरा असेल तर गोळी भिंतीतच जाते.

थोडक्यात, जवळच्या झटापटीत आणि क्रॉसहेअर नसलेल्या बंदुकीला ठिपक्याचा फायदा होतो. बाकी ठिकाणी सराव केलेला हात जास्त उपयोगी पडतो.

लावण्याचे मार्ग कोणते?

पहिला मार्ग सगळ्यात जुना. मॉनिटरवर किंवा फोनच्या टेम्पर्ड काचेवर पारदर्शक टेपचा तुकडा लावून त्यावर पेनाने ठिपका काढायचा. याला खर्च जवळपास नाही आणि गेमला त्याचा पत्ताही लागत नाही.

दुसरा मार्ग यंत्रातच असतो. असूसच्या गेमिंग मॉनिटरमध्ये ‘गेमप्लस’ आणि एओसीच्या मॉनिटरमध्ये ‘डायल पॉइंट’ नावाने ही सोय मिळते. संगणकाने पाठवलेल्या चित्रावर मॉनिटर स्वतः ठिपका काढतो. संगणकातल्या सॉफ्टवेअरला तो दिसू शकत नाही.

तिसरा मार्ग ॲपचा. अँड्रॉइडमध्ये ‘इतर ॲप्सवर दाखवा’ ही परवानगी मिळालेले ॲप दुसऱ्या ॲपच्या वर स्वतःची पारदर्शक काच ठेवू शकते. छोटी तरंगती खिडकी काही ॲप्स याच परवानगीने दाखवतात. आयफोनमध्ये ॲपला अशी मोकळीक नाही.

मधोमध म्हणजे नेमके कुठे?

प्रश्न सोपा वाटतो, पण ठिपका ‘चुकीचा’ असल्याच्या तक्रारी इथूनच येतात. समजा फोनची स्क्रीन आडवी धरल्यावर २४०० पिक्सेल रुंद आहे. तिचा मध्य १२०० वर. पण सेल्फी कॅमेऱ्याच्या छिद्रासाठी गेमने डाव्या बाजूची १०० पिक्सेलची पट्टी सोडली असेल, तर गेमचे चित्र उरलेल्या २३०० पिक्सेलमध्ये बसते आणि त्याचा मध्य १२५० वर येतो. एका इंचात ४०० पिक्सेल धरले, तर ५० पिक्सेलचा हा फरक सुमारे तीन मिलिमीटर भरतो. लांबचा शत्रू स्क्रीनवर तेवढाही मोठा दिसत नाही. फोन उलट बाजूने आडवा धरला की पट्टीही उलट बाजूला जाते. म्हणून ठिपका लावायचाच तर तो सराव मैदानात, गेमचा स्वतःचा क्रॉसहेअर दिसत असताना त्यावर जुळवून घ्यावा लागतो.

खरा धोका कुठे आहे?

धोका ठिपक्यात नाही, त्यासाठी दिलेल्या परवानगीत आहे. जे ॲप गेमवर ठिपका काढू शकते, ते बँकेच्या ॲपवर हुबेहूब दिसणारी खोटी लॉगिन खिडकीही काढू शकते. पासवर्ड चोरणारी ॲप्स हीच युक्ती वापरत आली आहेत. गुगलने ही वाट हळूहळू अरुंद केली. २०१५ च्या अँड्रॉइड ६ पासून ही परवानगी सेटिंगमध्ये जाऊन वेगळी द्यावी लागते. २०२१ च्या अँड्रॉइड १२ मध्ये, वरची काच ८० टक्क्यांपेक्षा जास्त अपारदर्शक असेल तर तिच्यातून खालच्या ॲपला होणारा स्पर्श अडवला जातो. आपल्यावर कुणी काच ठेवू नये, असे बँकेच्या ॲपला सांगता येण्याची सोयही त्याच आवृत्तीत आली.

त्याहून गंभीर मामला ‘ॲक्सेसिबिलिटी’ परवानगीचा आहे. ती दृष्टिहीन किंवा हाताने अधू असलेल्या वापरकर्त्यांसाठी आहे. ती मिळालेले ॲप स्क्रीनवरचा मजकूर वाचू शकते आणि आपल्या वतीने बटणे दाबू शकते. ठिपका काढायला तिची गरज नसते. ठिपक्याचे ॲप ती मागत असेल तर ते तत्काळ काढून टाकावे. अँड्रॉइड १३ पासून बाहेरून टाकलेल्या ॲपला ही परवानगी सहज मिळत नाही. तरीही ‘ही मर्यादा कशी उठवायची’ हे शिकवणारे व्हिडिओ आणि एपीके फाइल व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरतात. गेम मुलगा खेळतो, पण फोन अनेकदा वडिलांचा असतो. दूध संस्थेचा पगार, पीक विम्याची रक्कम, यूपीआय सगळे त्याच फोनवर. फसवणूक झालीच तर वेळ न घालवता १९३० या सायबर हेल्पलाइनवर तक्रार करावी.

गेमचे नियम काय सांगतात?

बहुतेक ऑनलाइन गेममध्ये अनधिकृत बाहेरच्या सॉफ्टवेअरला बंदी आहे आणि असे सॉफ्टवेअर सापडल्यास खाते बंद होऊ शकते. ठिपक्याचे ॲप गेमच्या फाइलला हात लावत नसले, तरी ते ‘अधिकृत’ ठरत नाही. वर्षानुवर्षे जमवलेले, पैसे घालून सजवलेले खाते एका ठिपक्यासाठी पणाला लावायचे का, हे ज्याचे त्याने ठरवावे.

आता प्रश्न फक्त करमणुकीचाही राहिलेला नाही. डिसेंबर २०२२ मध्ये केंद्राने ई-स्पोर्ट्सला बहुक्रीडा स्पर्धांचा भाग म्हणून क्रीडा मंत्रालयाच्या कक्षेत आणले. ऑगस्ट २०२५ च्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैसे लावून खेळायच्या गेमवर बंदी घातली, पण ई-स्पोर्ट्सला मान्यता दिली. खेळ म्हणून मान्यता हवी असेल तर खेळाचे नियमही आलेच.

ज्यांना ठिपक्याची खरोखर गरज आहे, त्यांचे काय?

अशी माणसे आहेत. वेगाने फिरणाऱ्या दृश्याने काहींना मळमळते. नजर टेकवायला एक स्थिर बिंदू मिळाला की हा त्रास कमी होऊ शकतो. २०२० च्या ‘द लास्ट ऑफ अस पार्ट टू’मध्ये मधोमध कायमचा ठिपका ठेवण्याची सोय याच कारणाने गेममध्येच दिली आहे. लाल-हिरवा रंग नीट न ओळखणाऱ्याला हिरव्या गवतावरचा लाल क्रॉसहेअर हरवतो, त्यालाही दुसऱ्या रंगाचा ठिपका हवा असतो.

मदत आणि लबाडी यांतली रेघ कुठे ओढायची, हे खऱ्या नेमबाजीने आधीच ठरवून ठेवले आहे. कोल्हापूर जिल्ह्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने १ ऑगस्ट २०२४ रोजी पॅरिस ऑलिम्पिकमध्ये ५० मीटर रायफल थ्री पोझिशन्समध्ये कांस्यपदक जिंकले. या प्रकारात नेमबाजाला नंबरचा चष्मा चालतो, पण रायफलवर दुर्बीण चालत नाही. चष्मा नजर इतरांच्या बरोबरीला आणतो, दुर्बीण इतरांच्या पुढे नेते. ठिपक्यालाही हाच निकष लावता येतो.

मग हिवरे बाजारचा संबंध काय?

अहिल्यानगरजवळचे हे गाव कमी पावसाच्या पट्ट्यातले. पोपटराव पवार सरपंच झाल्यानंतर गावाने पाणलोटाची कामे केली आणि १९९० च्या दशकात आदर्श गाव योजनेत भाग घेतला. पवार यांना २०२० मध्ये पद्मश्री जाहीर झाली. पण तिथला पाणीसाठा नुसत्या बंधाऱ्यांनी टिकलेला नाही. शेतीसाठी बोअर मारायची नाही, ऊस-केळीसारखी तहानलेली पिके टाळायची, पाऊस मोजून पाण्याचा ताळेबंद ग्रामसभेपुढे मांडायचा आणि मग पिके ठरवायची, या नियमांनी तो टिकला.

बोअर मारणारा शेतकरी शेजाऱ्याच्या विहिरीला हात लावत नाही. तो आपल्याच रानात, आपल्याच पैशाने खोल जातो. तरीही शेजाऱ्याची विहीर आटते, कारण जमिनीखालचे पाणी एकच असते. ठिपका लावणाराही गेमला हात लावत नाही, आपल्याच स्क्रीनवर खूण करतो. पण समोरच्याशी असलेला बरोबरीचा करार तो मोडतो. इथेही ज्याच्या खिशात पैसे त्याची बोअर खोल. महागड्या मॉनिटरमधला ठिपका पकडला जात नाही आणि स्वस्त फोनवर ॲप टाकणाऱ्या मुलाचे खाते मात्र बंद होऊ शकते. नियम फक्त यंत्राच्या पहाऱ्यावर सोडला की तो गरिबालाच आधी लागतो.

हिवरे बाजारचा नियम टिकला, कारण तो सर्वांसमोर ठरला आणि सर्वांना सारखा लागला. फोनच्या बाबतीतही असे होऊ शकते. सांगली जिल्ह्यातल्या मोहित्यांचे वडगावात २०२२ पासून संध्याकाळी सातला भोंगा वाजतो आणि दीड तास मोबाइल-टीव्ही बंद ठेवला जातो.

तर मग करायचे काय?

गेम कंपन्यांनी रंग आणि आकार निवडता येईल असा ठिपका सेटिंगमध्येच द्यावा. जिथे क्रॉसहेअर लपवणे हाच खेळाचा भाग आहे, तिथे तो सर्वांसाठी सारखा लपवावा. गावच्या जत्रेत, गणेशोत्सवात किंवा महाविद्यालयात स्पर्धा भरवणाऱ्यांनी ॲप, मॉनिटर आणि टिकली या तिन्हींबद्दलचा नियम नोंदणीच्या वेळीच लिहून द्यावा. ज्याला प्रकृतीच्या कारणाने ठिपका हवा, त्याने आधी सांगावे आणि आयोजकांनी तो मान्य करावा.

खेळाडूंनी बाहेरचे ॲप टाकण्याआधी गेममधल्या क्रॉसहेअरचा रंग बदलून पाहावा. घरात एकट्याने सराव करताना काचेवर टिकली लावली तर कुणाचे काही बिघडत नाही. पण समोर दुसरा खेळाडू आला की ती काढावी. पालकांनी आजच फोनच्या सेटिंगमध्ये जाऊन ‘इतर ॲप्सवर दाखवा’ आणि ‘ॲक्सेसिबिलिटी’ या दोन याद्या तपासाव्यात. ओळखीचे नसलेले नाव दिसले तर परवानगी बंद करावी. दोन मिनिटांचे काम आहे.