हिटलर पाहिजे म्हणणाऱ्यांना अडीच तास चालवा

"आपल्याकडे ना, एक हिटलरच पाहिजे. सहा महिन्यांत सगळे सरळ होतील."

हे वाक्य मी कुठे ऐकलं, सांगू? आउश्वित्झहून क्राकुवला परत येणाऱ्या बसमध्ये. बोलणारे नाना, आमच्या टूर ग्रुपमधले सगळ्यात सज्जन गृहस्थ. त्याच दुपारी लहान मुलांच्या बुटांसमोर उभे असताना त्यांनी डोळ्याला रुमाल लावलेला मी पाहिला होता. ते रडणं खोटं नव्हतं. बसमध्ये विषय निघाला टोलनाक्यावर रांग मोडून घुसणाऱ्या गाड्यांचा, आणि तिथून नाना हिटलरवर आले. दोघंतिघं हसले, एकजण "अगदी बरोबर" म्हणाला, मागच्या सीटवरून चकल्यांचा डबा पुढे आला. मीही एक चकली घेतली आणि गप्प बसलो. कारण पंचविशीत हे वाक्य मी स्वतः कट्ट्यावर कितीदा तरी म्हटलेलं आहे.

रात्री हॉटेलवर झोप लागेना. हा माणूस एवढं बघून आला, रडला, आणि तासाभरात हे बोलला. बाकी चाळीस जणांना त्यात काही खटकलं नाही. का?

माझं उत्तर ज्यांना पटणार नाही त्यांनी कमेंटमध्ये जरूर भांडावं. आपण लोकांना आउश्वित्झला बसने नेतो आणि बसने परत आणतो. शहरापासून सुमारे सत्तर किलोमीटरवर तारांचं कुंपण, बराकी, चिमण्या. दुसऱ्याच ग्रहावर कुणी राक्षसांनी केलेलं काहीतरी. राक्षस मेले, विषय संपला. त्या राक्षसातला 'शिस्त' तेवढी उचलून घरी आणायला मग काहीच अडचण येत नाही.

दुसऱ्या दिवशी कार्यक्रमात वावेलचा किल्ला, मिठाची खाण आणि मोठ्या चौकातलं शॉपिंग होतं. खाण सोडून मी आणि बायको एका चालत जायच्या टूरला गेलो. अडीच तास, छत्री घेऊन उभी असलेली एक स्थानिक बाई गाईड, आणि जगभरातले वीसेक लोक. हे पोस्ट त्या अडीच तासांबद्दल आहे.

सुरुवात काझिमिएझ भागात होते, शेरोका रस्त्यावर. क्राकुवमधली ज्यूंची जुनी वस्ती. सोळाव्या शतकातलं रेमू सिनेगॉग अजून प्रार्थनेसाठी वापरात आहे, शेजारी जुनं कब्रस्तान. बाकी रस्ताभर हॉटेलं, मेनूकार्डावर हिब्रू वळणाची अक्षरं, संध्याकाळी व्हायोलिन. युद्धाआधी या शहरात साठ हजारांहून जास्त ज्यू होते, म्हणजे साधारण दर चार माणसांत एक. आज सगळा मिळून समाज अगदी छोटा. गाईड म्हणाली, "इथं जेवण ज्यूंचं आहे, गाणं ज्यूंचं आहे, फक्त ज्यू नाहीत." पुढे तिनं एका गल्लीकडे बोट केलं. 'शिंडलर्स लिस्ट'मधले घेट्टोचे प्रसंग स्पीलबर्गने या भागात चित्रित केले, आणि त्यामुळे येणारा प्रत्येक माणूस घेट्टो इथंच होता असं समजतो. खरा घेट्टो नदीपलीकडे, पोदगुझेमध्ये.

मग आम्ही विस्तुला नदी ओलांडली. पायी. हे पायी जाणं महत्त्वाचं आहे असं मला फार वाटतं, कारण १९४१ च्या मार्चमध्ये लोक असेच नदी ओलांडून गेले होते, हातगाड्यांवर गाद्या, भांडी, कपाटं लादून. ३ मार्चला जर्मन गव्हर्नरचा हुकूम निघाला, २० मार्चपर्यंतची मुदत. जिथं आधी तीनेक हजार लोक राहत होते त्या ३२० घरांत पंधरा हजारांहून जास्त माणसं कोंबायची ठरली. आणि तिथल्या आधीच्या रहिवाशांचं काय? त्यांनी नदीच्या अलीकडे ज्यूंच्या रिकाम्या झालेल्या घरांत जायचं. म्हणजे सरकारी कागदावर ही घरांची अदलाबदल होती! कुणीतरी बसून याद्या केल्या असणार, खोल्या मोजल्या असणार, परवान्यांवर शिक्के मारले असणार. हे ऐकताना मला आपली तहसील कचेरी आठवली, आणि अंगावर काटा आला तो तिथं. आदल्या दिवशी आउश्वित्झला आला नव्हता.

पोदगुझे हा आज साधा मध्यमवर्गीय भाग आहे. गॅलऱ्यांत कपडे वाळत घातलेले, खाली किराणा, सायकली. गाईड एका इमारतीपुढे थांबायची आणि विचारायची, "या मजल्यावर आता कोण राहतं? १९४० मध्ये कोण? ४२ मध्ये कोण?" ल्वोव्स्का रस्त्यावर घेट्टोच्या भिंतीचा एक तुकडा अजून उभा आहे. भिंतीचा वरचा काठ कमानी-कमानींचा, ज्यूंच्या थडग्यांच्या दगडांसारखा. आणि या घेट्टोमधून ट्राम जायची. थांबायची नाही, नुसती जायची. आतली माणसं ट्रामकडे बघत होती आणि ट्राममधली माणसं, ऑफिसला निघालेली, डबा घेतलेली, ती कुठे बघत असतील? तिनं उत्तर दिलं नाही, पुढे चालू लागली.

शेवटी एक चौक. त्याचं आजचं नाव घेट्टोतल्या वीरांच्या नावावर आहे. चौकात सत्तर धातूच्या खुर्च्या, काही माणसापुरत्या, काही मोठ्या, सगळ्या रिकाम्या. लोकांना इथं जमवून बेल्झेकच्या मृत्यूछावणीकडे रवाना केलं जायचं. १९४३ च्या मार्चमध्ये, १३ आणि १४ तारखेला, घेट्टो कायमचा रिकामा केला. कामाच्या लायकीचे प्लाशोवच्या छावणीत, बाकीचे जागच्या जागी मारले नाहीतर आउश्वित्झला पाठवले. मागे राहिलं ते सामान, टेबलं, कपाटं, खुर्च्या. २००५ मध्ये बसवलेल्या या खुर्च्या त्याची आठवण आहेत. शेजारून ट्राम जाते, ती आता थांबते, आणि तिची वाट बघणारी माणसं त्या खुर्च्यांवर बसतात. बसावं अशाच त्या ठेवल्यात. सेल्फी काढणारेही होते. मला त्यांचा राग आला नाही, बायकोला आला.

चौकाच्या कोपऱ्यावर एक औषधाचं दुकान आहे, 'गरुडाखाली' असं काहीसं नाव. मालक तादेउश पान्क्येविच, पोलिश कॅथलिक. घेट्टो झाल्यावर बाकी सगळे निघून गेले, याने दुकान हलवायला नकार दिला आणि तिथंच राहिला. घेट्टोत दुकान चालवणारा एकमेव बिगरज्यू पोलिश माणूस. त्याच्याकडून काय जायचं, तर म्हाताऱ्यांना केसांचा कलप, म्हणजे ते कामाच्या वयाचे दिसावेत. लपवलेल्या लहान मुलांसाठी झोपेचं औषध, धाड पडली तर रडू नयेत म्हणून. आणि दुकानाची मागची खोली, जिथं लोक बसून बातम्या बोलत. १९४७ मध्ये त्याने या सगळ्यावर पुस्तक लिहिलं. दुकान आता म्युझियम आहे. मी तिथल्या औषधांच्या खणांपुढे बराच वेळ उभा होतो. माझे वडील केमिस्ट होते.

आता खरा मुद्दा. आमच्यातल्या एका तरुणाने गाईडला सरळ विचारलं, "बाकीचे पोलिश शेजारी काय करत होते?" मला वाटलं बाई आता पान्क्येविचच्या आड लपणार. तिने सगळं सांगितलं. ज्यूंना आसरा दिल्यास मृत्युदंड होता, तरीही सात हजारांहून जास्त पोलिश लोकांना इस्रायलने त्यासाठी गौरवलंय, कुठल्याही देशापेक्षा जास्त. आणि त्याच देशात १० जुलै १९४१ ला येडवाब्ने गावात जर्मनांच्या चिथावणीने शेजाऱ्यांनीच शेजाऱ्यांना धान्याच्या कोठारात कोंडून जाळलं, अधिकृत चौकशीनुसार किमान ३४० माणसं. आणि युद्ध संपून वर्ष उलटल्यावर, ४ जुलै १९४६ ला, किएल्त्सेमध्ये जमावाने ४२ ज्यू मारले. सगळं एकाच आवाजात, एकाच फुटपाथवर.

हे बोलणं किती नाजूक आहे ते मला परत आल्यावर वाचून कळलं. २०१८ मध्ये पोलंडने कायदा केला, नाझी गुन्ह्यांची जबाबदारी पोलिश राष्ट्रावर टाकली तर तीन वर्षांपर्यंत कैद. संशोधक आणि कलावंतांना सूट. फुटपाथवर छत्री धरून उभी असलेली गाईड यातल्या कशात बसते? जगभर ओरड झाल्यावर जूनमध्ये कैदेचं कलम काढलं. पण अशा कायद्याला कैदेची गरज लागतेच असं नाही, भीतीनेही काम होतं. आपल्याकडे तर कायदाही लागत नाही. एखाद्या गडावरचा गाईड पर्यटकाचं आडनाव विचारून कुठली गोष्ट सांगायची ते ठरवतो, हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

सगळ्याच टूर अशा असतात असं मुळीच नाही. बॅटरीवरच्या गाड्यांचा तिथं सुळसुळाट आहे, रेकॉर्ड केलेला आवाज ऐकवत तासाभरात काझिमिएझ, घेट्टो, शिंडलरचा कारखाना, उरकलं. प्लाशोवजवळच्या जुन्या खाणीत स्पीलबर्गच्या सेटसाठी केलेले नकली थडग्याचे दगड अजून पडलेत, आणि लोक त्यांचे भक्तिभावाने फोटो काढतात. खरी छावणी खरोखरीच्या दोन ज्यू कब्रस्तानांवर बांधली होती, तिथं वर्षानुवर्षं गवत आणि कुत्री फिरवणारी माणसं.

घरी आल्यावर हे सांगितलं की लोक म्हणतात, "आपण ज्यूंना कधीच त्रास दिला नाही, आपल्याला काय त्याचं." पहिलं वाक्य खरं आहे आणि त्याचा मला अभिमान आहे. अलिबागच्या इस्रायल आळीत बेने इस्रायली मराठी बोलत सुखाने राहिले. कोल्हापूरजवळ वळिवड्याला १९४३ ते ४८ पाचेक हजार पोलिश निर्वासित राहिले. (ते बहुतेक कॅथलिक, आणि पळून आले होते स्टालिनच्या हद्दपारीतून. व्हॉट्सॲपवर त्यांना ज्यू करून टाकतात, ते थांबवा बुवा.) पण त्याच महाराष्ट्रात एसटी स्टँडच्या स्टॉलवर हिटलरचं आत्मचरित्र मराठीत मिळतं, व्यक्तिमत्त्व विकासाच्या पुस्तकांच्या शेजारी. पुस्तकावर बंदी घाला असं मी म्हणत नाही. ते त्या रांगेत कसं जाऊन बसलं, एवढंच विचारतोय.

म्हणून टूरवाल्यांना विनंती. पोलंडला नेता, आउश्वित्झ दाखवता, तर पोदगुझेचे अडीच तास कार्यक्रमात छापील घाला. 'वेळ मिळाल्यास' नको. आमच्या मॅनेजरला विचारलं तर म्हणाला, "सर, लोकांना दोन दिवस सलग दुःख चालत नाही." असेलही. पण बुकिंगच्या वेळी आपण विचारलं तर ते घालतील, पनीरची भाजी विचारल्यावर घातलीच की. आणि पायीच जा. गुडघे दुखत असतील तर चौकात खुर्च्या आहेत.

परतीच्या विमानतळावर नाना शेजारी बसले होते. हिटलरचा विषय काढायचा धीर झाला नाही. मी त्यांना त्या औषधाच्या दुकानाबद्दल सांगितलं, कलप, मुलांचं झोपेचं औषध, मागची खोली. नाना बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "अहो, मग मला का नाही घेऊन गेलात?"