साडेसातीची घंटा

माझी साडेसाती २९ मार्च २०२५ रोजी संपली. मकर राशीच्या माणसाला ही तारीख तोंडपाठ असते; पेन्शन कधी सुरू झाली ते मला इतकं पक्कं आठवत नाही. त्यातून तो दिवस शनिवार, वर अमावास्या. आमच्या सौ.नं आदल्या रात्रीच तेलाची बाटली पिशवीत घातली आणि पहाटे नारायणगावहून आम्ही भीमाशंकरला निघालो. जानेवारी २०१७ मध्ये लागलेली ही साडेसाती आठ वर्षं दोन महिने चालली. साडेसात सांगून आठ वसूल करणारा दुसरा कोणी असता तर मी ग्राहक मंचात गेलो असतो. "शनी मधेमधे वक्री होतो ना," सौ. म्हणाली. एसटीत नवऱ्याशी वाद घालायचा नाही असा तिचा नियम आहे. पण शनीची बाजू घ्यायची असली की ती तो मोडते.

भीमाशंकरला शनीच्या देवळापुढं एक भलीमोठी पोर्तुगीज घंटा टांगली आहे. चिमाजीअप्पांनी १७३९ साली वसई जिंकली, तिथून ती आली. तेलाच्या रांगेत दोन तास उभं राहिलं की माणूस तत्त्वज्ञानाकडे वळतो. मी घंटेकडे बघत बसलो, म्हणजे उभाच होतो. वसईत होती तेव्हा बिचारी प्रार्थनेची वेळ झाली एवढंच सांगायची. पुढं काय होणार, ते सांगायच्या भानगडीत पडायची नाही. आणि पलीकडे गाभाऱ्यात तर प्रत्यक्ष महाकाल, काळाचा धनी! त्यानं आजवर कुणाला तारीख दिल्याचं ऐकिवात नाही. ज्याच्या हाती सगळा काळ तो गप्प, आणि ज्यांच्या हाती नुसतं पंचांग ते अखंड बोलतात. माझं भांडण आहे ते या मधल्या मंडळींशी.

त्यांचा हिशेब तरी बघा. बारा राशींपैकी तीन राशींना कायम साडेसाती. म्हणजे कोणत्याही दिवशी उठा, पाव जग पीडित. पत्रिकेतल्या बारा घरांपैकी पहिलं, चौथं, सातवं, आठवं आणि बारावं, एवढ्या पाच घरांत मंगळ वाईट. म्हणजे शंभरातले चाळीसेक जण मंगळाचे. नारायणगावच्या बाजारात टोमॅटोचा भाव पडतो, पण या धंद्याला मंदी नाही.

आमच्या परतीच्या वाटेवर डिंभे लागतं. तिथून माळीण लांब नाही. ३० जुलै २०१४ च्या सकाळी त्या गावावर डोंगर आला आणि दीडशेवर माणसं गेली. त्यांत म्हातारे होते, पाळण्यातली पोरं होती. राशी सगळ्या बाराच्या बारा असणार. कुणाच्या पत्रिकेत कुणाला काही दिसलं? गाव जागेवर नाही ही बातमी बाहेर आणली ती नेहमीच्या फेरीला गेलेल्या एसटीच्या ड्रायव्हरनं. त्याच्याजवळ फक्त वेळापत्रक होतं.

"पण शास्त्र आहे हो ते!" असं म्हणणारे भेटतातच. २००८ साली डॉ. जयंत नारळीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या शास्त्राची परीक्षा घेतली. शंभर हुशार मुलांच्या आणि शंभर मतिमंद मुलांच्या पत्रिका जमवल्या, त्यांतल्या चाळीस-चाळीस ज्योतिषांना दिल्या आणि कोणती कुणाची एवढंच विचारलं. सत्तावीस जणांनी उत्तरं पाठवली. बरोबर आलेली शेकडा शेहेचाळीस. छापा-काटा केला असता तर पन्नास आली असती.

आणि हे सगळं कुठं चालतं? खोडदच्या दुर्बिणीच्या सावलीत! आमच्या जुन्नर तालुक्यात पंचेचाळीस-पंचेचाळीस मीटर व्यासाच्या तबकड्या आहेत, आजूबाजूच्या मिळून तीस. २०२३ च्या जानेवारीत बातमी आली की या दुर्बिणीनं ८८० कोटी वर्षांपूर्वी निघालेली हायड्रोजनची हाक ऐकली. एवढा खटाटोप करून तिला दिसतो तो भूतकाळ. तिथली शास्त्रज्ञ मंडळी उद्याचं विचारलं तर गप्प बसतात, महाकालासारखीच.

एवढं तावातावानं लिहितोय, पण तेलाची बाटली कुणाच्या पिशवीत होती ते वर आलंच आहे. दुसरी गोष्ट त्याहून वाईट आहे. ती लिहायची म्हणून तर हा लेख.

माझी पुतणी शाळेत विज्ञान शिकवते. तिला आठवा मंगळ. २०१४ च्या सप्टेंबरात भारताचं यान मंगळापर्यंत पोचलं. मंगळामुळे हिच्यापर्यंत स्थळ पोचेना. सहा स्थळं गेली. सहाव्या घरचे लोक पोहे खाऊन, मुलगी फार आवडली म्हणून गेले आणि संध्याकाळी पत्रिका परत पाठवली. ती त्या रात्री जेवली नाही. वह्या तपासत बसली.

यंदा ज्योतिषीबुवा सहज म्हणाले, "लग्नरास अगदी काठावर आहे. पाच-दहा मिनिटं आधीचा जन्म असता, तर मंगळ नवव्यात जाऊन दोष गेला असता." माझ्या पोटात गोळा आला. पुतणी जन्मली तेव्हा दवाखान्याच्या व्हरांड्यात मी होतो. वेळ मीच लिहून घेतली, माझ्या एचएमटीवर बघून. आणि माझं घड्याळ, एसटी चुकू नये म्हणून, लग्नापासून दहा मिनिटं पुढं असतं!

बुवांना सांगितलं. त्यांनी लगेच नवी कुंडली मांडली. मंगळ गेला. "पण आता शनी सातव्यात येतोय," ते म्हणाले, "शांत करून घेऊ."

भाऊ ऐकून नुसता माझ्या मनगटाकडे बघत राहिला. पुतणीला सांगायला मला आठ दिवस लागले. मला वाटलं, ती हसेल.

"सहा स्थळं, काका," ती म्हणाली.

"नव्या वेळेची पत्रिका करून आणतो," मी म्हणालो.

"नको. यापुढं कुणाला पत्रिकाच द्यायची नाही. विचारलं तर तुम्हीच सांगायचं, वेळ चुकली म्हणून. का, ते पण सांगायचं." मग थोड्या वेळानं, "उद्या मुलांना खोडदला न्यायचंय. येताय? साडेसातला स्टँडवर. तुमच्या घड्याळाचे साडेसात नव्हे."

सौ.नं डबा दिला. घड्याळ मात्र मी अजून मागं केलेलं नाही. एसटीचा भरवसा नसतो. त्या दिवशी ती पंचवीस मिनिटं उशिरा आली.