भाराचा खोटा हिशेब

वीजजोडणीच्या अर्जात भाराचा आकडा लिहावा लागतो. तो आकडा घरमालक स्वतः क्वचितच काढतो. वायरमन किंवा कंत्राटदार शेजाऱ्याच्या अर्जावरून तो उतरवून घेतो, आणि जास्त भार दाखविला तर स्थिर आकार वाढेल या भीतीने तोही शक्य तितका खाली आणला जातो. ही लबाडी किरकोळ मानली जाते. आमच्या मते ती किरकोळ नाही.

चाळीस वर्षांपूर्वीचे एखादे मध्यमवर्गीय घर घ्या. ४० वॅटचे आठ दिवे, ७५ वॅटचे चार पंखे, फ्रिज, दूरदर्शन संच, इस्त्री आणि मिक्सर धरून एकूण भार सव्वादोन किलोवॅटच्या आत बसे. सारे काही एकाच वेळी चालत नसल्याने प्रत्यक्ष मागणी एक-सव्वा किलोवॅट धरली तरी पुरे. आज त्याच घरात दीड टनाची तीन वातानुकूलन यंत्रे, प्रत्येकी दोन किलोवॅटचे दोन गीझर, विजेची शेगडी आणि विहिरीवरचा पंप आला. एलईडीमुळे दिव्यांचा भार घटला हे खरे, पण एका गीझरपुढे त्या बचतीची मातब्बरी ती काय? जोडलेला भार १४ किलोवॅटच्या घरात जातो, आणि त्यातील ६० टक्केच एका वेळी चालतो असे धरले तरी मागणी साडेआठ किलोवॅटच्या जवळपास भरते.

वाड्यावरच्या १०० केव्हीएच्या ट्रान्स्फॉर्मरमधून साधारणतः ९० किलोवॅट मिळतात. जुन्या हिशेबाने त्यावर ७०-८० घरे सुखेनैव नांदत. नव्या हिशेबाने दहाच. गोवा आपली बहुतेक वीज बाहेरून विकत घेतो. ती कितीही आणली तरी शेवटी याच ट्रान्स्फॉर्मरमधून घरात यावयाची आहे.

'सारे एका वेळी चालत नाही' या गृहीतावर भार मोजण्याचे शास्त्र उभे आहे, आणि नेमके तेच गृहीत आपल्याकडे डळमळते. चवथीला वर्षभर बंद असलेली घरे उघडतात, मुंबई-पुण्याची माणसे परततात, आणि सगळ्या वाड्याचे दिवे, पंखे, पंप व चुली एकदमच चालू होतात. निवासगृहांची स्थिती तर याहून वेगळी. घरात एक खोली थंड असते तेव्हा दुसरी बंद असते. पण डिसेंबरात वीस खोल्यांच्या निवासगृहातील वीसही यंत्रे रात्रभर चालतात आणि सकाळी वीसही गीझर. तेथे घराचे ६० टक्के लावणे म्हणजे स्वतःचीच फसवणूक. तरीही कित्येक जुनी घरे पाहुण्यांसाठी खोल्या काढून बसली आहेत, आणि त्यांचा मंजूर भार मात्र आजोबांच्या काळचाच आहे.

याचा दंड तारेला होतो. तारेतून जाणारा प्रवाह दुप्पट झाला की तिच्यातील उष्णता चौपट होते. दीड चौरस मिलिमीटरची तार दिव्यापंख्यांसाठी ठीक. तिच्यावर गीझर लादला तर आवरण कडक होऊन तडकू लागते. फ्यूज वारंवार जातो म्हणून त्यात जाड तार घालणारे महाभाग तर धोक्याची सूचना देणारा पहारेकरीच घालवून बसतात.

वीज खात्यालाही यातून मोकळे सोडता येणार नाही. आजचे इलेक्ट्रॉनिक मीटर कमाल मागणी नोंदवू शकतात. ही नोंद मंजूर भाराशी ताडून पाहणे अवघड नाही. आणि तफावत आढळल्यास प्रथम दंडाची नोटीस न धाडता भार वाढवून घेण्याची मुदत द्यावी. पर्यटन व्यवसायाची नोंदणी १९८२ च्या कायद्यान्वये होतेच; तिच्या नूतनीकरणाच्या वेळी परवानाधारक विद्युत कंत्राटदाराने सही केलेला भाराचा तक्ता मागावा. तो तक्ता मागितला जात नाही तोवर निवासगृहाच्या वाढीव भाराने जळालेल्या ट्रान्स्फॉर्मरचा खर्च आणि काळोख, दोन्ही त्याच वाड्यावरच्या दोन पंख्यांच्या घराने सोसावयाचे आहेत.