हाक पोचली होती का?

मुलुंड, घाटकोपर, अंधेरी, बोरिवली या उपनगरांतील जुन्या चाळी आणि पागडीच्या इमारती आज पुनर्विकासाच्या उंबरठ्यावर उभ्या आहेत. जागेला सोन्याचे मोल आले, तसे घरमालक आणि भाडेकरू यांच्यातील जुने जिव्हाळ्याचे नाते ताबेदाव्याच्या कागदांत अडकले. उपनगरांतील हे दावे लघुवाद न्यायालयाच्या वांद्रे शाखेत चालतात. त्यांतील काहींत प्रतिवादी हजरच राहत नाही. न्यायालय वादीचा पुरावा पाहून एकतर्फी हुकूमनामा देते आणि मग एके सकाळी बेलिफ ताबा घेण्यासाठी दाराशी येतो. दोन पिढ्यांचे बिऱ्हाड त्या दिवशी प्रथमच आपल्यावरील दाव्याची वार्ता ऐकते.

एकतर्फी निकालाची तरतूद मुळात अन्यायकारक नाही. समन्स चुकवून वर्षानुवर्षे दावा कुजवणारे भाडेकरूही आहेत. घरमालक म्हणजे प्रत्येक वेळी धनदांडगाच असतो, असेही नाही. गोठविलेल्या भाड्यात इमारतीची डागडुजी करता करता मेटाकुटीस आलेली कुटुंबे याच उपनगरांत आहेत. आपल्या परंपरेनेही हा विचार केलेला आहे. कौटिल्याने ‘अर्थशास्त्रा’त प्रतिवादीला उत्तरासाठी तीन किंवा सात रात्रींची सवड दिली, पुढे दंड सांगितला आणि तीन पंधरवडे उलटूनही उत्तर न आल्यास त्याला पराभूत मानले, मात्र वसुली करताना त्याची उपजीविकेची साधने वगळली. निकाल थांबू नये, पण माणूस उद्ध्वस्त होऊ नये, हा त्यामागील विवेक होता.

हाच विवेक दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 9, नियम 13 मध्ये आहे. समन्स रीतसर बजावले गेले नव्हते, किंवा सुनावणीस गैरहजर राहण्यास पुरेसे कारण होते, यांपैकी एक गोष्ट सिद्ध केल्यास एकतर्फी हुकूमनामा रद्द होतो. त्यामुळे भाडेकरू दावा जिंकत नाही; दावा पुन्हा उभा राहतो, एवढेच. न्यायालय खर्च भरण्याची वा रक्कम जमा करण्याची अटही घालू शकते. मुदत अवघी 30 दिवसांची आहे. ती हुकूमनाम्याच्या तारखेपासून, आणि समन्स रीतसर बजावलेच नसेल तर तो कळल्यापासून, मोजली जाते. नुसत्या अर्जाने बेलिफ थांबत नाही. अंमलबजावणीला स्थगिती वेगळी मागावी लागते. शिवाय तारखेची माहिती असूनही बजावणीतील किरकोळ त्रुटीवर बोट ठेवणाऱ्यास 1976 च्या दुरुस्तीने आधार ठेवलेला नाही.

मग एवढा आग्रह कशासाठी? महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, 1999 च्या कलम 15 प्रमाणे समन्स मिळाल्यापासून 90 दिवसांत थकबाकी, त्यावर 15 टक्के सरळ व्याज आणि दाव्याचा खर्च भरून, पुढेही नियमित भाडे देत राहिल्यास थकबाकीच्या कारणावरून घर जात नाही. जे समन्स हाती पडलेच नाही, त्याच्याबरोबर ही संधीही हिरावली जाते. मुले डोंबिवली-बदलापूरला स्थायिक झाली आहेत, वृद्ध आई चाळीत एकटी आहे आणि ती इस्पितळात असताना बंद दारावर कागद डकवला गेला, अशा स्थितीत ‘बजावणी झाली’ हा शेरा कितपत खरा मानायचा?

नागपूरच्या वकिली परंपरेत घडलेले न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी 1955 साली सर्वोच्च न्यायालयाच्या संग्रामसिंह खटल्यात याचे उत्तर देऊन ठेवले आहे. प्रक्रियेचे नियम न्याय सुकर करण्यासाठी असतात, माणसाला पेचात पकडण्यासाठी नव्हे; कोणाच्याही पाठीमागे त्याच्या जीविताचा आणि मालमत्तेचा निर्णय होऊ नये, असा त्या निकालाचा आशय आहे.

तथापि, सारा भार न्यायालयावर टाकून समाजाला मोकळे होता येणार नाही. भाडेकरू कुठे आहे हे ठाऊक असताना बंद दाराचा पत्ता देणे हा घरमालकाचा अधर्म आहे. आणि दारावरचा कागद पाहूनही न पाहिल्यासारखे करणे हा भाडेकरूचा. शेजाऱ्याच्या दारावर न्यायालयाचा कागद दिसला तर त्याच्या मुलाला दूरध्वनी करावा, त्या आजींना वकिलाकडे न्यावे, हे काम चाळ समितीचे आहे, तसेच वस्तीतील प्रत्येक स्वयंसेवकाचेही आहे. गणेशोत्सवाच्या वर्गणीसाठी ज्या दारांवर आपण थाप देतो, त्याच दारांवरचा कागद वाचण्याइतके शेजारधर्म जागा राहिला, तर कित्येक घरे बेलिफ येण्यापूर्वीच सावध होतील.