खेळ बदलला म्हणून काय झाले?



दिवाळीच्या सुट्टीनंतर आमच्या शाळेतील नववीच्या एका मुलाने मला एक प्रश्न विचारला. हा मुलगा अकोल्यात टेनिस बॉलच्या सामन्यांत गोलंदाजी करतो. मोहल्ल्यात त्याचे नाव आहे. सहा षटकांचा सामना असला की शेवटचे षटक त्याचेच. त्याची गोलंदाजी पाहून एका क्लबच्या लोकांनी त्याला सीझन बॉलच्या, म्हणजे चामड्याच्या चेंडूच्या, सरावाला बोलावले. मित्र म्हणाले, "इथे तू उस्ताद आहेस. तिथे जाऊन शागीर्द कशाला होतोस?" घरचे म्हणाले, "आज हे, उद्या ते. ही धरसोड बरी नव्हे." तो मला म्हणाला, "सर, खेळ बदलणे चूक आहे का?"

तास संपत आला होता. मी एवढेच म्हणालो, "चूक नाही. जा." पण उत्तर अपुरे राहिले, असे मला वाटत होते. म्हणून हा पाठ.

प्रथम जरा दूर जाऊ. रग्बी हा खेळ तुमच्यापैकी फार थोड्यांनी पाहिला असेल. लंबगोल चेंडू हातात घेऊन पळायचे आणि समोरच्या संघाने अंगावर झेप घेऊन अडवायचे, असा तो खेळ. इंग्लंडमध्ये तो एकच होता. उत्तर इंग्लंडमधील खेळाडू खाणींत आणि गिरण्यांत मजुरी करीत. सामन्यासाठी सुट्टी घेतली की त्या दिवसाची मजुरी बुडे. ती भरून द्यावी, अशी तिकडच्या क्लबांची मागणी होती. खेळाची सूत्रे हाती असलेल्यांना ती मान्य झाली नाही. १८९५ साली ते क्लब वेगळे झाले. पुढे नियमही बदलत गेले आणि एका रग्बीच्या दोन झाल्या. 'युनियन'मध्ये पंधरा गडी, तर 'लीग'मध्ये तेरा.

यातली वाईट गोष्ट पुढे आहे. पैसे घेऊन लीग खेळलेल्या माणसाला युनियनचे दार जन्मभर बंद होई. मजुराच्या मुलाने पोटासाठी खेळ बदलला, तर तो जणू गुन्हा! हे दार १९९५ साली, म्हणजे शंभर वर्षांनी उघडले. त्या वर्षी युनियनमध्येही खेळाडूला पैसे घेण्याची मोकळीक मिळाली.

जेसन रॉबिन्सन त्याच दारातून आत आला. विगन या संघाकडून लीग खेळून तो मोठा झाला होता. २००० साली तो युनियनमध्ये आला. लीगमध्ये अडवलेला गडी उठून खेळ पुन्हा सुरू करतो. युनियनमध्ये गडी खाली पडला तरी चेंडूसाठी झटापट चालूच राहते. हे त्याला नव्याने शिकावे लागले. पण पळता पळता हुलकावणी देऊन निसटण्याची त्याची कला कोणी काढून घेऊ शकले नाही. २००३ च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात इंग्लंडने ऑस्ट्रेलियाला २०-१७ असे हरवले. त्या सामन्यात चेंडू समोरच्या संघाच्या रेषेपलीकडे नेऊन टेकवणे दोघांनाच जमले. इंग्लंडकडून रॉबिन्सनला आणि ऑस्ट्रेलियाकडून लोटे तुकिरीला. गंमत अशी, की दोघेही लीगमधून आलेले होते!

आता आपल्या विदर्भात या. अमरावतीचा जितेश शर्मा आणि अकोल्याचा अथर्व तायडे ही नावे तुमच्या तोंडी असतात. पण आजच्या विषयासाठी मला उमेश यादवचे नाव घ्यायचे आहे. उमेशचे वडील नागपूर जिल्ह्यातील वलनीच्या कोळसा खाणीत काम करीत. म्हणजे हाही खाणकामगाराचाच मुलगा. त्याने सैन्यात आणि पोलिसात भरती होण्याचा प्रयत्न केला, पण जमले नाही. क्रिकेट तो खेळत होता, पण टेनिस बॉलचे. तुम्ही खेळता तेच. सीझन बॉलने नियमित खेळायला त्याने सुरुवात केली, तेव्हा तो एकोणीस-वीस वर्षांचा होता. मोठ्या शहरांतील मुले दहा-बारा वर्षांची असताना हा चेंडू हातात धरतात.

तुम्ही म्हणाल, चेंडूच तर बदलला! चेंडू म्हणजे काय ते पाहा. टेनिसचा चेंडू साठ ग्रॅमच्या आत असतो आणि सीझन बॉल सुमारे एकशे साठ ग्रॅमचा. टेनिस बॉल टप्पा पडल्यावर उंच उडतो. त्याला शिवण नसते. तिथे वेग असावा आणि चेंडू फलंदाजाच्या पायाशी पडावा, की काम झाले. सीझन बॉलला शिवण असते. ती बोटांत सरळ धरावी लागते. एकाच जागी पुन्हा पुन्हा टप्पा टाकावा लागतो. आणि सहा षटकांत घरी जाता येत नाही. दिवसभर उन्हात उभे राहून संध्याकाळीही तितक्याच जोराने पळत यावे लागते. दूरून पाहणाऱ्याला खेळ एक वाटतो, पण खेळणाऱ्याला तो दुसराच असतो.

उमेश नागपुरात विदर्भ जिमखान्याकडून खेळू लागला. नोव्हेंबर २००८ मध्ये तो विदर्भाच्या रणजी संघात आला. २०११ साली दिल्लीत वेस्ट इंडीजविरुद्ध पहिली कसोटी खेळला. विदर्भाच्या संघातून कसोटीपर्यंत पोचलेला तो पहिलाच. २०१५ च्या विश्वचषकात त्याने अठरा बळी घेतले. भारताच्या कोणत्याही गोलंदाजाने त्या स्पर्धेत एवढे घेतले नाहीत. २०१९ च्या जानेवारीत रणजीच्या उपांत्य सामन्यात त्याने केरळचे बारा गडी बाद केले आणि पुढे विदर्भाने सलग दुसऱ्यांदा करंडक जिंकला. एकूण सत्तावन्न कसोटींत त्याचे एकशे सत्तर बळी आहेत. टेनिस बॉलवर कमावलेला खांदा आणि वेग त्याने सोबत आणला. टप्पा आणि शिवण तो नव्याने शिकला.

मग धरसोड कशाला म्हणायचे? मेहनत टाळण्यासाठी जो खेळ सोडतो, तो धरसोड करतो. आज कबड्डीत दम लागला म्हणून खो-खो, उद्या खो-खोत गुडघा फुटला म्हणून कॅरम! (कॅरम वाईट नाही. मी स्वतः बरा खेळतो.) पण जो अधिक मेहनतीकडे जातो, शेवटच्या रांगेत उभा राहायला तयार होतो, त्याला हा शब्द लावू नये.

हे मी एवढ्या आग्रहाने का सांगतो? मी बारावीपर्यंत उर्दू माध्यमात शिकलो. शाळेत माझा पहिला नंबर असे. अमरावतीच्या कॉलेजात गेलो, तेथे सर्व तास मराठीत आणि इंग्रजीत. पहिले सहा महिने मी तोंड उघडले नाही. बोललो की मागच्या बाकावरून हसू येई. पण गणित उर्दूत समजले होते, ते मराठीत चुकीचे ठरले नाही. शब्द तेवढे नवे होते, आणि त्यांतलेही पुष्कळ ओळखीचे निघाले. मैदान, मेहनत, हिंमत हे शब्द काय दोन भाषांत वेगळे आहेत? तुमच्यापैकी बहुतेकांना दोन-तीन वर्षांत हाच बदल करायचा आहे.

घरच्यांची भीती खोटी आहे, असे मात्र मी म्हणणार नाही. सीझन बॉलसाठी पॅड लागतात, बूट लागतात, बसचे भाडे लागते. उमेशलाही एका क्लबने आत घेतले, तेव्हाच पुढचे घडले. दार आतूनही कोणीतरी उघडावे लागते. रग्बीवाल्यांनी शंभर वर्षे ते उघडले नाही, तेव्हा किती रॉबिन्सन बाहेरच राहिले असतील, कोण जाणे! म्हणून क्रीडाशिक्षकांना आणि क्लबांना माझे सांगणे आहे, की उशिरा आलेल्या मुलाला त्याचे वय विचारून परत पाठवू नका. आधी त्याच्या हातात चेंडू द्या.

तो नववीचा मुलगा सरावाला जाऊ लागला आहे. वडिलांनी दोन महिन्यांची मुदत दिली आहे. परवा मी मुद्दाम पाहायला गेलो. बूट कोणाचे तरी मागून आणलेले होते. पहिले तीन चेंडू फलंदाजाच्या डोक्यावरून गेले. त्याने माझ्याकडे पाहिलेही नाही. पँटला चेंडू घासत तो पुन्हा धाव घ्यायच्या खुणेकडे निघाला.