गेम गेमच्या जागी, आवाज आपल्या जागी

रात्री साडेअकराला मोबाइल वाजतो. गावाकडच्या मावसभावाची लिंक. ‘दादा, लाइव्ह आलोय, बघ ना!’ उद्याचं प्रेझेंटेशन बाजूला सारून तुम्ही मोठ्या प्रेमानं लिंक उघडता. आणि काय? ढिशक्यांव, धाड, धूम! जीप पळतेय, ग्रेनेड फुटतायत, आणि त्या सगळ्याच्या खालून, विहिरीच्या तळातून यावा तसा भाऊरायांचा आवाज. ‘मांगून... येऊन रायला... बे...’ एवढंच काय ते कानावर पडतं. दोन मिनिटांत तुम्ही एक बदाम टाकता आणि कल्टी मारता. तुम्ही निदान बदाम तरी टाकलात. बाकीची पब्लिक तेवढंही करत नाही.

समजा, हा भाऊ जळगाव जामोदचा आहे. खान्देशातलं जळगाव नव्हे हं! हे बुलढाणा जिल्ह्यातलं, सातपुड्याच्या पायथ्याचं. रेल्वे पकडायची तर नांदुऱ्याला जायचं. जामोद हे जवळचंच गाव. त्याचं नाव जोडीला असलं की दोन जळगावांची गल्लत होत नाही. आजचा आपला फंडाही नेमका हाच आहे, दोस्तांनो. दोन गोष्टी एकसारख्या कानावर येत असतील, तर त्यांना आधीच वेगळी नावं द्या, वेगळ्या जागा द्या. नंतर निवडत बसू म्हणाल तर बसूनच राहाल.

गेम सगळ्यांचा, आवाज एकट्याचा

‘त्यात काय एवढं? लोक गेम बघायला येतात, आवाज थोडा इकडेतिकडे झाला तर चालतंय की!’ असं म्हणणाऱ्यांनी जरा थांबा. मुंबईचा आदित्य सावंत, म्हणजे सगळ्या पब्जीप्रेमींचा ‘डायनॅमो’, आठवा. आठवला की डोक्यात काय वाजतं? बंदूक? अजिबात नाही. ‘पट से हेडशॉट’ वाजतं. बंदूक तर प्रत्येकाच्या फोनमध्ये तीच होती. नकाशा तोच, जीप तीच, धमाके तेच. वेगळं होतं ते बोलणं.

आणि गेमचा काय भरवसा? २ सप्टेंबर २०२० ला सरकारनं पब्जी मोबाइलवर बंदी घातली. जुलै २०२१ मध्ये त्याचा भारतीय अवतार, बीजीएमआय, आला. जुलै २०२२ मध्ये तोही ॲप स्टोअरवरून गायब झाला आणि मे २०२३ मध्ये परतला. तीन वर्षांत एवढी उलथापालथ! या काळात कोण टिकलं? ज्यांच्या बोलण्यासाठी लोक यायचे, ते दुसरा गेम घेऊन बसले तरी लोक आले. गेम कंपनीचा असतो राव, ती आज देईल, उद्या काढून घेईल. आवाज आपला असतो. मग आपल्याच मालाला दुसऱ्याच्या गोंगाटाखाली का गाडायचं?

त्यातून भाऊ वऱ्हाडीत बोलणारा! हिंदी-इंग्रजीत बोलणारे ढिगानं आहेत. पण शत्रू मागून आला की ‘अबे, पाहून राह्यला का नाही बे!’ असं ओरडणारे किती? ती त्याची खरी कमाई. ती ऐकू आली पाहिजे.

खिचडी शिजली की डाळ वेगळी होत नाही

गेमचा आवाज आणि तोंडचा आवाज एकाच ट्रॅकवर गेले की खिचडी झाली. नंतर ‘बंदूक जरा कमी करू’ म्हणून व्हॉल्यूम उतरवला की बोलणंही उतरतं. गेममधल्या एखाद्या गाण्यावर कॉपीराइटचा दावा आला आणि तेवढा भाग म्यूट करावा लागला, की त्या मिनिटातला तुमचा झकास जोकही गेला!

हे दुखणं काही आजचं नाही. बोलपट नवे होते तेव्हाची गोष्ट घ्या. कोल्हापुरात ‘प्रभात’चा ‘अयोध्येचा राजा’ १९३२ मध्ये तयार झाला, त्या काळात पार्श्वगायन नव्हतं. नटांनी कॅमेऱ्यासमोरच गायचं आणि वाजवणाऱ्यांनी कॅमेऱ्याच्या नजरेआड बसून साथ करायची. सगळं एकदमच नोंदलं जायचं. तबला जोरात झाला तर पुन्हा पहिल्यापासून! १९३५ पासून पार्श्वगायन आलं आणि हळूहळू गाणं वेगळं, संवाद वेगळे, असा रिवाज पडला. म्हणजे सिनेमावाल्यांनी हा धडा नव्वद वर्षांपूर्वीच गिरवलाय.

‘पण आता एआय आहे ना?’ आहे की! बीटल्सचं ‘नाऊ अँड देन’ आठवतंय? जॉन लेननचा आवाज आणि पियानो एकाच घरगुती कॅसेटवर मिसळलेले होते. १९९५ मध्ये उरलेल्या तिघांनी त्यावर काम सुरू केलं आणि सोडून दिलं. पुढे पीटर जॅक्सनच्या टीमनं माहितीपटासाठी बनवलेल्या तंत्रानं आवाज पियानोपासून सुटा झाला आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये गाणं बाहेर आलं. भन्नाटच! पण तिथं एक माणूस होता आणि एक वाद्य. आपल्याकडे? बंदुका, जीप, पाऊस आणि वर टीममधल्या तिघांचं ओरडणं. ‘डीमक्स’सारखी फुकट साधनं आहेत, पण ती मुळात गाण्यांसाठी शिकवलेली. त्यांना माणसाचा आवाज कळतो, *तुमचा* आवाज कळत नाही. तिघा मित्रांचं ओरडणंही ती तुमच्याच खात्यात टाकणार. जुनी फाइल वाचवायची असेल तर जरूर वापरा. रोजच्या रेकॉर्डिंगला मात्र हा उपाय नव्हे.

कॉम्प्युटर असेल तर लॉटरीच

घरी बऱ्यापैकी कॉम्प्युटर असेल तर ‘ओबीएस स्टुडिओ’ उतरवून घ्या. पूर्ण फुकट. यात रेकॉर्डिंगला सहा वेगवेगळे ऑडिओ ट्रॅक मिळतात आणि बहुतेक जण त्यातला एकच वापरतात!

आधी सेटिंग्जमध्ये आउटपुटला ‘ॲडव्हान्स्ड’ करा आणि रेकॉर्डिंगच्या पानावर चार ट्रॅकवर टिक मारा. मग ‘ॲडव्हान्स्ड ऑडिओ प्रॉपर्टीज’ उघडून वाटणी करा. ट्रॅक एकवर सगळं मिसळलेलं, कारण लाइव्ह बघणाऱ्यांना तेच जाणार. दोनवर फक्त माइक. तीनवर फक्त गेम. चारवर डिस्कॉर्डवरची मित्रमंडळी. लाइव्ह चालू असतानाच हे सुटे ट्रॅक तुमच्या हार्ड डिस्कवर जमा होत राहतात. बघणाऱ्यांना खिचडी, तुमच्याकडे डाळ वेगळी, तांदूळ वेगळे.

गेम आणि डिस्कॉर्ड वेगळे कसे करायचे? २०२२ मध्ये आलेल्या ओबीएस २८ पासून विंडोजवर ‘ॲप्लिकेशन ऑडिओ कॅप्चर’ आहे. कुठल्या प्रोग्रामचा आवाज घ्यायचा ते बोट ठेवून सांगता येतं. फक्त एक करा, ‘डेस्कटॉप ऑडिओ’ बंद ठेवा. नाहीतर तोच आवाज दोनदा येतो आणि गेम गुहेत चाललाय असं वाटतं.

आणि हो, गावात वीज कधी जाईल याचा नेम नाही. म्हणून फाइल एमकेव्ही प्रकारात ठेवा. साधी एमपी-४ फाइल रेकॉर्डिंग मध्येच तुटलं तर उघडतच नाही. एमकेव्हीत वीज जाईपर्यंतचं सगळं शाबूत राहतं. नंतर ओबीएसमध्येच ‘रीमक्स’ करून तिची एमपी-४ करता येते. दोन तासांची मेहनत एका सेटिंगवर वाचते, बोला!

फक्त मोबाइल असेल तर?

इथं खरी गंमत आहे, कारण गावाकडे बहुतेकांचा सगळा स्टुडिओ म्हणजे एक फोन. अँड्रॉइड १० येईपर्यंत, म्हणजे २०१९ पर्यंत, साध्या रेकॉर्डर ॲपला फोनच्या आतला आवाज घेताच येत नव्हता. स्पीकरमधून बाहेर पडलेला आवाज माइकनं परत गिळायचा, असा द्राविडी प्राणायाम होता. आता आतला आवाज थेट मिळतो, पण दोन गोम आहेत. एक, गेममधल्या व्हॉइस चॅटला अँड्रॉइड ‘बोलणं’ समजतं, त्यामुळे मित्रांचा आवाज रेकॉर्डिंगमध्ये बहुधा येतच नाही. दोन, गेमचा माइक चालू केला की रेकॉर्डरच्या वाट्याला अनेकदा नुसती शांतता येते. माइक एक, गिऱ्हाइकं दोन! मुलं बिचारी समजतात फोन बिघडला.

यावर जुगाड? घरातला दुसरा फोन. टीमशी बोलायचं ते दुसऱ्या फोनवरून कॉल लावून. एका कानात गेम, दुसऱ्या कानात टीम. गेमच्या फोनचा माइक मग रेकॉर्डरला मोकळा. बऱ्याच स्ट्रीमिंग ॲपमध्ये गेम आणि माइक यांच्या दोन वेगळ्या पट्ट्या असतात. गेमची पट्टी निम्म्याच्या खाली आणा, कान लगेच दुवा देतील.

लाइव्ह नसेल, नुसता व्हिडिओ बनवायचा असेल, तर काम आणखी सोपं. गेमच्या फोनवर फक्त आतला आवाज घ्या. दुसऱ्या फोनवर साधा व्हॉइस रेकॉर्डर लावून तो तोंडाजवळ ठेवा. झाले दोन ट्रॅक! जुळवायचे कसे? सुरुवातीला इअरफोनचं एक बोंडूक तीन सेकंद दुसऱ्या फोनच्या माइकला लावा. गेमचा तोच आवाज दोन्ही फाइलींत येतो, एडिटिंगमध्ये तेवढा भाग एकाखाली एक आणला की काम तमाम. फक्त दर मॅचला हे नव्यानं करा. दोन फोनची घड्याळं तंतोतंत सारखी चालत नाहीत, तासाभरात ओठ आणि शब्द यांची फारकत होऊ शकते.

तिसरा भिडू : कूलर

गेम वेगळा केला, आवाज वेगळा केला. पण विदर्भातल्या मे महिन्यात खोलीत तिसराही बोलत असतो. घुर्रर्र! कूलर बंद करा असं सांगण्याचं पाप मी करणार नाही. त्यापेक्षा माइकची पाठ कूलरकडे करा. एका दिशेनं ऐकणारे माइक असतात, ज्यांना कार्डिऑइड म्हणतात, त्यांना पाठीमागचं सर्वांत कमी ऐकू येतं. आणि माइक तोंडाजवळ आणा. अंतर निम्मं केलं की तुमचा आवाज साधारण ६ डेसिबलनं वाढतो, कूलर मात्र आहे तिथंच राहतो.

पटत नसेल तर भेंडवळला जाऊन बघा, जळगाव जामोद तालुक्यातलंच गाव. अक्षय्य तृतीयेच्या दुसऱ्या दिवशी पहाटे घटमांडणीचं भाकीत ऐकायला गर्दी जमते. चॅनेलवाले गर्दीला गप्प बसवत नाहीत, माइक बोलणाऱ्याच्या तोंडाशी नेतात. एवढीच विद्या.

ओबीएसमध्ये ‘नॉइज सप्रेशन’ही आहे, आणि कूलरसारख्या एकसुरी आवाजावर ते मस्त चालतं. पण सगळा भार त्याच्यावर टाकलात तर तुमचाच आवाज डब्यातून आल्यासारखा होतो. आधी जागा, मग फिल्टर. आणि हेडफोन तर मस्टच! स्पीकरवर गेम लावून वेगळे ट्रॅक करण्याला काही अर्थ नाही, माइकमध्ये गेम परत घुसतोच. तोही वायरवाला बरा. ब्लूटूथमध्ये आवाज उशिरा पोचतो, आणि त्याचा माइक चालू केला की सगळा आवाज फोन कॉलसारखा चपटा होतो.

बोलाल तेव्हा बंदूक वाकेल

आता लाइव्हसाठी एक शेवटची जादू. क्रिकेटचं समालोचन आठवा. मैदानाचा गलका असतो, पण बोलणारा बोलू लागला की तो खाली बसतो. ओबीएसमध्ये गेमच्या आवाजाला ‘कॉम्प्रेसर’ फिल्टर लावा आणि त्यात ‘साइडचेन’साठी तुमचा माइक निवडा. तुम्ही बोललात की गेम आपोआप दबतो, गप्प बसलात की परत उसळतो. माइकची पातळी जोरात ओरडल्यावर उणे १२ ते उणे ६ डेसिबलच्या दरम्यान जाईल एवढी ठेवा. शून्याला टेकली की आवाज फाटला, आणि फाटलेला आवाज कुणालाच शिवता येत नाही.

बघा, यात खर्च किती झाला? सॉफ्टवेअर फुकट, दुसरा फोन आईचा, बुद्धी आपली. पदरात काय पडलं? स्वच्छ, एकट्याच्या आवाजाचा एक ट्रॅक. उद्या तो गेम बंद पडला तरी त्यातले किस्से कापून नव्या व्हिडिओत लावता येतील. ई-स्पोर्ट्सच्या मराठी समालोचनासाठी किंवा डबिंगसाठी नमुना म्हणून पाठवता येतील. मिसळलेल्या फाइलीचं तसं काहीच होत नाही.

सो, आज रात्री मोठं काही करू नका. पाच मिनिटांचं रेकॉर्डिंग करा, गेमचा ट्रॅक म्यूट करा, डोळे मिटा आणि नुसतं स्वतःला ऐका. मजा आली? मग लोकांनाही येईल. नाही आली, तर दोष बंदुकीचा नाही हे तरी कळेल. आणि त्या मावसभावाला बदाम पुरे झाले. या वेळी हा कागद पाठवा!